सात मिनिटांची ओवी

"बसेल," असं मी म्हणालो.

पुण्यातल्या एका स्टुडिओच्या जिन्यात आम्ही उभे होतो. टीव्हीवरच्या लोककलांच्या कार्यक्रमाचा निर्माता हातातली यादी वाचत होता आणि प्रत्येक कलेपुढे सात मिनिटं असं लिहीत होता. आमच्या धनगरी ओवीपाशी त्याचं पेन थांबलं. "तुमचं ते सात मिनिटांत बसेल ना?" त्याने विचारलं. ती ओवी रीतसर म्हटली तर जेवणं उरकल्यावर सुरू होते आणि तांबडं फुटेपर्यंत चालते, हे मला चांगलं ठाऊक होतं. तरी माझ्या तोंडून "बसेल" निघालं, आणि इतक्या झटक्यात निघालं की पुढे कितीतरी वर्षं मला माझ्याच जिभेचा राग येत राहिला. तो अजून पुरता गेलेला नाही, म्हणून हे लिहायला बसलो. बसलो म्हणजे काय, दोन ओळी लिहितो आणि उठून अंगणात चक्कर मारून येतो. बायको म्हणते, तुमच्या पायाला भिंगरीच आहे.

खोटं नाही ते. आमचे वाडवडील मेंढरांमागे चालत जगले. सरकारी कागदांवर आमची नोंद भटक्या जमातीत आहे. माझ्या आजोबांनी मेंढरं विकून वरवंडच्या शिवारात जमीन धरली, कालव्याचं पाणी आलं, ऊस लागला, आणि घरादाराचं चालणं थांबलं. पायांची वळवळ तेवढी माझ्या वाट्याला आली. पाटसच्या साखर कारखान्यात मी हंगामी कामगार होतो. ऊस घेऊन आलेल्या गाड्यांची रांग लागायची आणि कुठल्या गाडीने पुढे यायचं ते मी भोंग्यावरून पुकारायचो. वीज गेली तरी माझं पुकारणं थांबत नसे आणि रांगेतल्या शेवटच्या गाडीवाल्यालाही ते ऐकू जाई, इतका माझा आवाज मोठा. त्या आवाजावर मी दौंडच्या रेल्वे कॉलनीतल्या हौशी नाटकवाल्यांत शिरलो. गाळप बंद झालं की तालमी सुरू.

पहिल्या नाटकात मला मिळालेलं काम होतं 'एक धनगर'. नाव नाही. यायचं, घोंगडी सावरायची, पाटलाला "जी, जी" करायचं, लोक हसले की जायचं. दुसऱ्या नाटकातही तेच, फक्त पाटलाच्या जागी फौजदार. माझ्या चेहऱ्याकडे बघून लोकांना दुसरं काही सुचतच नव्हतं. मग एकदा शिरूरच्या पलीकडे माळरानावर एका मालिकेचं शूटिंग होतं, तिथे मला दिवसभरासाठी बोलावलं. जाऊन बघतो तर मेंढरांच्या जागी शेळ्या. मी सहायकाला म्हणालो, "अहो, या शेळ्या आहेत." तो म्हणाला, "लांबून काय कळतंय?"

माझी तळपायाची आग मस्तकात गेली. लांबून काय कळतंय! आमचा सगळा जन्म त्या एका वाक्यात जमा. त्या दिवशी मी शेळ्यांमागे "हुर्र हुर्र" करत फिरलो, कारण आल्यापावली परत जायची माझी ऐपत नव्हती. पण परतीच्या एसटीत मी ठरवलं, एकदा तरी आमचं खरं ते जवळून दाखवायचं. आणि आमचं खरं म्हणजे काय, असं विचारलं तर माझ्या डोळ्यांपुढे एकच माणूस येत होता, माझे थोरले चुलते.

त्यांना आम्ही आप्पा म्हणत असू. पाटसपासून भांडगावापर्यंत कुठेही बिरोबाची जत्रा असो, ओवीला आप्पा लागत. उंच, वाळलेले, एरवी तोंडातून शब्द निघायचा नाही. पण घोंगडीवर बसून कानावर हात ठेवला की तो माणूस निराळाच. आमच्या घराण्यात ओवी म्हणायची एक रीत होती. म्होरक्या अर्धी ओळ टाकतो आणि थांबतो. उरलेली अर्धी मागच्यांनी पुरी करायची, त्याला आम्ही झील धरणं म्हणतो. आप्पांच्या मागे तिघे असत आणि त्यांत मी पुढचा. मी उचलली की बाकीचे दोघे माझ्यामागून उचलत. पुढची ओळ आप्पांच्या छातीत तयार व्हायला जो श्वास लागतो, तो त्यांना आमच्या झिलेत मिळायचा. मागून झील आली नाही तर म्होरक्या कितीही मोठा असो, त्याचा दम तुटतो.

तालमी आप्पांच्या घरी होत. बाहेरच्या खोलीत आम्ही, आत चुलीपाशी आक्का. आक्का म्हणजे आप्पांची लेक, माझ्याहून चार वर्षांनी मोठी. तिला शिरूर तालुक्यात दिली होती, वर्षभरात तिचा नवरा गेला आणि आप्पा तिला घरी घेऊन आले. भाकऱ्या थापताना ती कधी आमच्यात बोलली नाही. बायकांनी या ओवीची झील धरायची नाही, असं आप्पांचं सांगणं होतं, आणि त्यावर कुणी कधी काही विचारलंही नव्हतं.

दुसरा नियम त्याहून कडक. ओवीच्या सुरुवातीला देवांना हाक मारायची, त्याला सुंबरान मांडणं म्हणतात. एकदा ते मांडलं की देव येऊन बसतो, आणि मग त्याची कथा शेवटाला नेल्याशिवाय उठायचं नाही. आमच्या ओवीत देव तान्हा असतो. त्याला रानात झाडाला बांधलेल्या झोळीत ठेवलेलं असतं. तिथून तो खाली उतरतो, वाढतो, मेंढरं राखतो आणि शेवटी आपल्या ठिकाणी जाऊन बसतो. त्याला ठिकाणावर बसवल्यावरच आप्पा पाणी पीत.

म्हणून मी पुण्याहून आल्यावर आप्पांनी एकच गोष्ट विचारली. "पुरी घेत्यात न्हवं?"

"घेत्यात की," मी म्हणालो. "मागनं त्यातलं किती दावायचं ते त्यांचं ते बघतील."

म्हणजे स्टुडिओत मी म्हणालो सात मिनिटं, आणि घरी म्हणालो पुरी. दोन्हीकडे खोटं बोललो आणि मधल्या मध्ये तोल सांभाळता येईल अशा भ्रमात राहिलो. वाटलं, दिवे बघून, कॅमेरे बघून आप्पा दबतील आणि सांगतील तिथे थांबतील. आणि सगळंच सांगायचं तर आणखी एक लालूच होती. त्याच निर्मात्याच्या नव्या मालिकेत एक धनगर होता. त्याला नाव होतं, घर होतं, बायको होती, आणि तो रागावतही होता. ते काम मला हवं होतं. इतकं हवं होतं की झोपेत संवाद म्हणायचो, आणि संवाद तर अजून कुणी लिहिलेलेही नव्हते.

ठरल्या दिवशी सकाळी जीप केली. आप्पा, बाकीचे दोघे झीलकरी, ढोलवाला आणि मी. अकरा वाजता स्टुडिओत पोचलो.

"दिसा ओवी?" आप्पांनी विचारलं.

"आत अंधारच हाय आप्पा. दिस का रात कळत न्हाई."

आत गारठा असा की आप्पांनी घोंगडी पांघरली. एका पोरीने त्यांच्या कपाळाला पावडर लावली, ती त्यांनी मुकाट्याने लावून घेतली. भंडारा उधळू नका, फरशी पिवळी होते, असं सांगितलं, तेही ऐकलं. उभं राहून म्हणा, असं सांगितलं तेव्हा मात्र त्यांनी मान हलवली. "आमी बसल्याबिगर देव बसत न्हाई," म्हणाले, आणि घोंगडी अंथरून बसले. कॅमेरेवाल्याने कॅमेरा खाली घेतला. मला बरं वाटलं. वाटलं, बघा, जवळून दाखवतोय की नाही.

आप्पांनी सुंबरान मांडलं. काय आवाज लागला होता त्यांचा त्या दिवशी! वायरी गुंडाळणारी माणसं हातचं काम सोडून बघत राहिली. आम्ही झील धरत गेलो, ढोल चढत गेला, देवाचा जन्म झाला, त्याला रानात नेलं, झोळी बांधली. तेवढ्यात कॅमेऱ्यामागच्या माणसाने हात वर केला आणि एकेक बोट मिटत नेलं. मग "कट" आणि "छान झालं" असं एकदमच ऐकू आलं आणि अर्धे दिवे गेले.

आप्पा डोळे मिटून बसले होते. त्यांनी पुढची अर्धी ओळ टाकली.

त्याच वेळी वरच्या काचेमागून निर्मात्याने मला हाताने ये म्हटलं. आणि मी उठलो. नको होतं उठायला. मला कळत होतं की आपण ओवीतून उठतोय, पायाखालची घोंगडी मागे राहतेय. तरी मी जिन्याकडे निघालो. मागे ती अर्धी ओळ तशीच राहिली. दोघा झीलकऱ्यांना माझ्यामागून उचलायची सवय, ते माझ्या पाठीकडे बघत गप्प. आप्पांनी तीच ओळ पुन्हा टाकली. कुणीतरी म्हणालं, "आजोबा, झालं, झालं." आप्पांनी मग पुढची अर्धी स्वतःच उचलून बघितली. दोन ओळी रेटल्या. तिसरीला त्यांचा दम तुटला. हे सगळं मी जिन्यात ऐकलं, आणि वळून बघितलं नाही.

काम मला मिळालं. खाली आलो तेव्हा ढोल पिशवीत गेला होता.

परतताना भांडगावला चहाला जीप थांबवली. सगळे उतरले, आप्पा उतरले नाहीत. मी त्यांचा चहा जीपपाशी नेला. त्यांनी कपाकडे बघितलं नाही. म्हणाले, "ल्येकरू रानात टांगून आलास."

"आप्पा, त्यांचा टाइम झाला व्हता."

"त्यांचा झाला आसंल. देवाचा न्हाई झाला." मग हायवेवरच्या ट्रकांकडे बघत म्हणाले, "आता त्यो तितंच हाय."

कार्यक्रम लागला त्या दिवशी आख्खी वस्ती आमच्या टीव्हीपुढे जमली होती. आप्पा पाणी धरायला शेतात गेले होते. सात मिनिटं संपली, लोकांनी टाळ्या वाजवल्या, कुणी माझ्या पाठीवर थाप मारली. झोळीपाशी चित्र थांबलं आणि लगेच साबणाची जाहिरात आली. मी हसत होतो.

तिथून माझं फिरणं जे सुरू झालं ते थांबलंच नाही. मालिका चालली. मी बाकीचं काही असेन, पण त्या कामात मी खोटेपणा केला नाही. गिरणीचं काळं ब्लँकेट आणलं तर मी पांघरलं नाही, सनगराने विणलेली खरी घोंगडी आणायला लावली. शेळ्या आणल्या, परत पाठवल्या. एका प्रसंगात धनगराने पाटलापुढे जमिनीवर बसायचं होतं. मी म्हणालो, हा माणूस खुर्चीवर बसेल. दिग्दर्शक चिडला, मी त्याच्याहून चिडलो, दुपारचं जेवण होईपर्यंत काम अडलं, आणि शेवटी धनगर खुर्चीवर बसला. दौंडच्या एका शाळेत मला बोलावलं होतं. तिथे सातवीतली एक मुलगी उभी राहून म्हणाली, "सर, आम्ही पण धनगर आहोत." मग बाईंकडे बघून म्हणाली, "मी कधी सांगितलं नव्हतं." त्या मुलीसाठी मी त्या सगळ्या उठाठेवी पुन्हा करीन.

पण मला आणखी एका गोष्टीची बोलावणी यायला लागली. शाळा, कॉलेजं, मेळावे, कारखान्यांचे वर्धापनदिन, सगळीकडे 'ती टीव्हीवरची ओवी' हवी असे. मी ती एकट्याने करायला शिकलो. अर्धी ओळ मीच टाकायची, झीलही मीच धरायची, मध्ये थोडी माहिती सांगायची: आमची जमात, आमचा देव, आमचा वारसा. शिरूरच्या एका कॉलेजात तर पोरांनी दोनदा म्हणायला लावली. सात मिनिटं झाली की झोळी बांधून मी हात जोडायचो. मग सत्कार. सत्काराला हमखास घोंगडी आणि काठी. घरात घोंगड्यांची चळत लागली. बायको म्हणाली, "आजेसासऱ्यांकडं मेंढरं व्हती तवाबी घरात येवढ्या घोंगड्या नसतील."

आप्पा मात्र गायचे थांबले. जत्रेला जात, नारळ फोडत आणि बाहेर येऊन झाडाखाली बसत. पंच मंडळी विचारायला गेली तर म्हणाले, "झील न्हाई." गावातल्या दोघातिघांनी सांगितलं, आम्ही धरतो. आप्पा म्हणाले, "आधी एक मधीच टांगलाय. त्येला तसाच ठेवून नवं सुंबरान मांडू व्हय?"

हे कानावर आलं की मी डोक्यात राख घालून घ्यायचो. म्हातारपणचा हट्ट आहे नुसता! मी आख्ख्या जमातीचं नाव घेऊन गावोगाव हिंडतोय, आणि हे एका तुटलेल्या ओळीपायी तोंड शिवून बसलेत. असं मी बायकोला तावातावाने सांगायचो. ती एकदा म्हणाली, "मग जाऊन पुरी करा की." मी म्हणालो, वेळ कुठंय. वेळ नव्हता हे खरं होतं. आणि भीती वाटत होती हेही खरं होतं.

जात नव्हतो असं नाही. दर दोन-चार महिन्यांनी आप्पांकडे जायचो. कधी पेढे, कधी चष्म्याची नवी काडी. ते कालव्याच्या पाळीबद्दल बोलत, उसाच्या तोडीबद्दल बोलत, ओवीचा विषय आला की तंबाखू मळायला घेत. आक्का चहा आणून द्यायची आणि निघताना म्हणायची, "येत जा रं." मला बसवत नसे. दहा मिनिटांत उठायचो आणि बाहेर पडल्यावर गाडीला उगाच चार-चार किका मारायचो.

अशी सात-आठ वर्षं गेली. दोन झीलकऱ्यांपैकी एक वारला, दुसरा मुलाकडे राहायला गेला. आप्पांना दमा लागला. आणि एके दिवशी पुण्याहून लोकगीतांचा अभ्यास करणाऱ्या एक बाई माझ्याकडे आल्या. माझी सात मिनिटं त्यांनी शांतपणे ऐकली आणि विचारलं, "पुढे काय होतं?"

"पुढे बरंच आहे," मी म्हणालो.

"म्हणून दाखवाल?"

"आत्ता नको," मी म्हणालो. "माझ्या चुलत्यांच्या तोंडून पुरी रेकॉर्ड करून देतो." हेही मी झटक्यातच म्हणालो. माझी जीभ कधीच सुधारली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळीच टेपरेकॉर्डर घेऊन आप्पांकडे गेलो. ते ओट्यावर उन्हाला बसले होते, छातीचा भाता वाजत होता. या खेपेला मी पेढे नेले नाहीत आणि पाण्याची पाळीही विचारली नाही. म्हणालो, "आप्पा, माझं चुकलं. मी उठाय नको हुतं. देवाला आपून खाली उतरवू."

"कुटवर?" त्यांनी विचारलं.

"ठिकाणावर बसंस्तवर."

"आन् झील?"

"मी धरतो."

दिस का रात, ते या वेळी आप्पांनी विचारलं नाही. मग उठले, पाय धुतले, देवळीतला भंडारा कपाळाला लावला, माझ्याही लावला. बाहेरच्या खोलीत घोंगडी अंथरली. आत आक्का भाकऱ्या करत होती. मी टेपमध्ये कॅसेट घालून बटण दाबलं.

आवाज पहिला राहिला नव्हता. फाटला होता, मधूनमधून शीळ घालत होता. पण ओळ टाकायची ढब तीच. मी झील धरली आणि मला माझंच कौतुक वाटलं, इतकी सफाईदार लागत होती. वर्षानुवर्षं स्टेजवर घासलेली होती ना. एका जागी सवयीने हातही पसरला गेला, प्रेक्षकांकडे पसरतो तसा. समोर भिंत होती. देव जन्मला, रानात गेला, झोळी बांधली.

आप्पांनी पुढची अर्धी ओळ टाकली.

माझ्याकडे काहीच नव्हतं. मी तोंड उघडलं, सूर लावला, शब्द येईनात. जी ओळ मी मिसरूड फुटायच्या आधी झोपेत म्हणत होतो, ती माझ्यातून गेली होती. सात-आठ वर्षं मी रोज इथेच थांबत होतो, हात जोडत होतो, टाळ्या घेत होतो. पुढचं सगळं पुसलं गेलं होतं आणि मला पत्ताही नव्हता. आप्पांनी तीच ओळ पुन्हा टाकली. त्यांचे डोळे मिटलेले, हात कानावर. मला त्या क्षणी धरणीने पोटात घ्यावं असं वाटलं. मी समाजाचा चेहरा, वारशाचा राखणदार, सत्काराच्या घोंगड्यांचा मालक, आणि मला आठवं मिनिट येत नव्हतं.

आप्पांनी तिसऱ्यांदा ओळ टाकली. ती टाकतानाच दम तुटायला लागला होता.

आणि उरलेली अर्धी आतून आली.

आवाज फार मोठा नव्हता. भाकरी थापता थापता म्हटल्यासारखा, पण ओळ जिथे उचलायची तिथेच उचललेली आणि जिथे सोडायची तिथेच सोडलेली. पाठोपाठ भाकरी थापायचा आवाज थांबला. आक्कालाही बहुतेक कळलं, आपण हे काय केलं.

आप्पांनी डोळे उघडले. मला वाटलं, आता हे घोंगडी गुंडाळणार. तो नियम त्यांचाच होता. ते आतल्या दाराकडे बघत राहिले, छाती वरखाली होत होती. झील मिळाली होती म्हणून श्वासही मिळाला होता. त्यांनी अंग दाराकडे वळवलं आणि पुढची अर्धी ओळ टाकली, माझ्या डोक्यावरून, सरळ चुलीकडे.

आक्काने ती पुरी केली.

मग पुढची. मग त्याच्या पुढची. ती दारात येऊन उभी राहिली, हातांना पीठ, पदर खांद्यावरून घट्ट ओढलेला, नजर खाली. एकही ओळ अडली नाही. आम्ही बाहेर जितकी वर्षं तालमी केल्या तितकी वर्षं ती आत होती, आणि आमच्यापैकी कुणाच्याही मनात आलं नव्हतं की तिला कान आहेत. गावोगाव मी सांगत हिंडत होतो की आमच्याकडे लांबून बघू नका. चुलीपासून माझी बैठक सहा पावलांवर होती.

आक्का घोंगडीच्या कडेला टेकली. आप्पांनी एक ओळ गाता गाताच माझ्या गुडघ्याला हात लावला आणि पुढची टाकायच्या आधीच्या फटीत, श्वासाबरोबर म्हणाले, "तू ऊठ. भाकर करपंल."

उठायला सांगणारे या वेळी तेच होते. मी आत गेलो. तव्यावरच्या भाकरीच्या कडा काळ्या व्हायला लागल्या होत्या, ती काढली. परातीत आणखी पीठ मळलेलं होतं. मालिकांमध्ये मी तीन बायकांचा नवरा झालो होतो, पण भाकरी कधी थापली नव्हती. पहिली फाटली. दुसरी जमेल तशी तव्यावर टाकली आणि वरून पाणी फिरवलं. बाहेर ओवी चालली होती, आप्पांचा फाटका आवाज आणि आक्काचा दबका, आणि आता तो दबका हळूहळू मोकळा होत होता. तेवढ्यात टेपचा खटका ऐकू आला. कॅसेटची एक बाजू भरली होती. बाहेर जाऊन ती उलटी करायला हवी होती, पुण्याच्या बाईंना पुरी ओवी कबूल केली होती, आणि कॅसेट उलटायला मी सोडून तिथे कुणी मोकळं नव्हतं. पण त्या दोघांच्या मधून जावं लागलं असतं. पाय उचलला होता, तो मी परत खाली ठेवला.

देव झोळीतून खाली उतरला तेव्हा मी भाकरी उलटत होतो.